नोटिशीखालचा जांभळा

१

एका तारखेपायी घर जाऊ शकतं, हे पाटीवालीला त्या सोमवारी न्यायाधिकरणाच्या व्हरांड्यात कळलं. बँकेने दिलेलं उत्तर ती उभ्याउभ्याच वाचत होती. शेवटच्या पानाला एक रंगीत फोटो जोडला होता. तिच्याच दुकानाचं दार, दारावर ताब्याची नोटीस, आणि फोटोखाली निळ्या शाईत तारीख, ४ मार्च.

नोटीस लागली होती २६ मार्चला. त्या दुपारी ती औषधाच्या दुकानाची पाटी बसवून परत आली, दारावरचा कागद वाचला आणि खांद्यावरची शिडी उतरवायचं भानही तिला राहिलं नाही. असा दिवस विसरता येत नाही.

तिचे वडील दुकानांच्या पाट्या रंगवायचे, तेच काम आता ती करायची. त्यांच्या आजारपणात दुकान आणि वरची माडी तारण ठेवून कर्ज काढलं. वडील गेले, कर्ज राहिलं. हप्ते थकले तेव्हा ती स्वतः बँकेत गेली आणि मुदत वाढवून मागितली. जुन्या साहेबांनी ती लेखी दिलीही. मग नवे वसुली अधिकारी आले. त्यांनी ते पत्र बाजूला सारलं आणि घर लिलावात काढायची तयारी सुरू केली. त्याविरुद्ध तिने २९ एप्रिलला अर्ज केला होता.

वकीलसाहेबांनी फोटो पाहिला आणि चष्मा काढून डोळे चोळले. ते काही वाईट सांगायचं असलं की आधी डोळे चोळतात, हे एव्हाना तिला माहीत झालं होतं. ताब्याची नोटीस लागल्यापासून पंचेचाळीस दिवसांत अर्ज करावा लागतो, ते म्हणाले. सव्वीस तारीख धरली तर आपले चौतीस दिवस होतात. चार तारीख धरली तर छप्पन्न.

"छप्पन्न झाले तर काय?" तिने विचारलं.

"तर आपण आत काय लिहिलंय ते कुणी वाचणारच नाही."

बँकेचं म्हणणं असं, की नोटीस चार तारखेलाच लावली, ती घरातल्याच कुणीतरी काढून टाकली, म्हणून सव्वीसला दुसरी प्रत लावावी लागली. नोटीस लावल्याचा साक्षीदार म्हणून शेजारच्या झेरॉक्सवाल्याची सही होती. सुनावणी शुक्रवारी होती आणि त्याच्या पुढच्या आठवड्यात लिलाव.

वकीलसाहेबांनी कागद गुंडाळले आणि मागे न बघता हाक मारली, "बाई, हे जरा बघता का?"

ही टाचणीबाई. वकीलसाहेबांकडे तीस वर्षं कारकून. स्टेपलरच्या पिना कागद फाडतात म्हणून त्यांना हात लावायची नाही. बाहीच्या काठाला टाचण्यांची रांग लावून हिंडायची. ज्या कागदाबद्दल शंका, त्याला आडवी टाचणी. तिने फोटो हातात घेतला, बराच वेळ पाहिला आणि त्याला एक आडवी टाचणी टोचली.

"घरात कोण कोण असतं?" तिने विचारलं.

आई, काका आणि मी, पाटीवाली म्हणाली. काकांचं नाव घेताना मात्र तिची जीभ जराशी अडखळली.

पुढे ज्यांचे उपकार ती जन्मभर मानणार होती, त्यांतल्या निम्म्या माणसांवर तिने त्या चार दिवसांत संशय घेतला.

२

काका म्हणजे वडिलांचा धाकटा भाऊ. लग्न केलं नाही, सिनेमाच्या थिएटरात यंत्र चालवण्यात उभी हयात गेली, थिएटर बंद पडलं तसा भावाकडे येऊन राहिला. माडीवरची मागची खोली त्याच्या नावावर होती. बोलायला अत्यंत कंजूष. विचारलं तर मान हलवायची, आणि ती उभी की आडवी हे समोरच्याने ओळखायचं.

हल्ली काका न सांगता बाहेर जायचा. आईने त्याला दोनदा बँकेच्या पायऱ्या उतरताना पाहिलं होतं. गेल्या महिन्यात पाटीवाली म्हणाली, की बँकेची माणसं येजा करताहेत तर दार तरी नीट रंगवून घेऊ. त्यावर हा एरवी मुका असलेला माणूस केवढ्याने ओरडला होता. "दाराला हात लावायचा नाही," एवढंच म्हणाला आणि त्या रात्री जेवला नाही.

सोमवारी घरी जाताना तिने झेरॉक्सवाल्याला गाठलं. तो सह्यांच्या बाबतीत उदार. कुणी काहीही पुढे केलं की याची सही तयार. "अगं, रोज दहा माणसं साक्षीदार मागतात," तो म्हणाला. "तारीख कोण बघतंय? त्या माणसाने गठ्ठा आणला, मी सह्या ठोकल्या." मग आवाज उतरवून त्याने आणखी एक गोष्ट सांगितली. तुझ्या काकाला मी दारापाशी ओलं फडकं घेऊन कागद खरवडताना पाहिलंय. कुणाला सांगितलं नाही, शेजारधर्म म्हणून.

तरी पाटीवालीने मनाची समजूत घातली, की या माणसाला सही करताना तारीख दिसत नाही, तर याच्या डोळ्यांचा काय भरवसा?

मंगळवारी सकाळी ती कपडे भिजवत होती. काकाच्या सदऱ्याचा खिसा तिने सवयीने उलटा केला आणि आतून कागदाचा एक तुकडा पडला. तिकोनी, फाटका. त्यावर बँकेच्या गोल शिक्क्याचा पाव भाग होता.

३

टाचणीबाई त्या दुपारी दुकानात आली तेव्हा पाटीवाली रडून मोकळी झाली होती. तिने तुकडा पुढे केला. माझ्याच माणसाने पहिली नोटीस काढली, ती म्हणाली. खोलीचा हिस्सा विकून मोकळं व्हायचं असेल त्याला. आता मी कोर्टात कोणत्या तोंडाने उभी राहू?

टाचणीबाईने तुकडा नुसता हातात धरला आणि दुकान बघत बसली. भिंतीला टेकवलेल्या अर्ध्या पाट्या, टर्पेंटाइनचा वास, बरणीत उभे केलेले ब्रश. आईने पाणी आणून दिलं. टाचणीबाईने सहज बरणीतला एक ब्रश उचलला. चांगला तळहाताएवढा रुंद, केस पांढरे पडून कडक झालेले.

"हा तुझा?"

"नाही हो. मी असा ब्रश वाळू दिला असता तर बाबांनी मला घराबाहेर काढलं असतं. कुठून आला, माहीत नाही."

"तो त्या माणसाचा," आई म्हणाली. "पाटीचा भाव विचारायला आला होता तो. पाणी प्यायला, बसला, इकडचं तिकडचं बोलला आणि ब्रश विसरून गेला. येईल परत म्हणून ठेवला मी."

कधीची गोष्ट, टाचणीबाईने विचारलं. आईला तारखा लक्षात राहत नाहीत, पण त्या दिवशी तिचे डोळे तपासायचे होते आणि त्या माणसापायी जायला उशीर झाला होता. तिने डब्यातून डॉक्टरांचं कार्ड काढलं. त्यावर लिहिलं होतं, ४ मार्च.

टाचणीबाईने ब्रशाचे केस नखाने खरवडले. पांढरी पूड पडली. ती रंगाची नव्हती, कागद डकवायच्या खळीची होती.

मग ती उठून दारापाशी गेली. दाराचं डावं कवाड खालपासून छातीपर्यंत रंगांच्या आडव्या रेघांनी भरलेलं होतं. लाल, हिरवा, पिवळा, राखाडी, शेकड्यांनी. पाटीवालीने डोळे पुसत समजावून सांगितलं. बाबांची पद्धत होती. काम संपलं की ब्रश धुण्याआधी उरलेला रंग दाराला पुसायचा, एका कामाची एक रेघ, खालून वर. म्हणायचे, गिऱ्हाईक पाटी घेऊन जातं, आपल्याला एवढंच उरतं. मीही तसंच करत आले.

"आणि या वरच्या दोन-चार?"

"त्या माझ्या. नोटीस लागल्यापासून मात्र पुसलं नाही. हातच धजावला नाही."

नोटीस नेमकी त्या वरच्या रेघांवर डकवलेली होती, जराशी तिरकी. खालचा उजवा कोपरा फाटलेला होता. टाचणीबाईने हातातला तुकडा त्या जागी धरला. कडेला कड बसली. शिक्क्याचा पाव भाग उरलेल्या पाऊण शिक्क्याला जाऊन मिळाला.

"काय दिसतंय?" तिने विचारलं.

पाटीवाली बघतच राहिली. तुकडा कुठल्या पहिल्या नोटिशीचा नव्हताच. तो याच, दारावर अजून असलेल्या नोटिशीचा होता.

"काकांनी नोटीस काढली नाही. काढायला गेले आणि थांबले," टाचणीबाई म्हणाली. "का थांबले, ते त्यांनाच विचार. आणि विचारायच्या आधी हा तुकडा उलटा करून बघ."

तिने तुकडा उलटा केला. मागच्या बाजूला वाळलेल्या खळीबरोबर रंगाचा एक पापुद्रा निघून आला होता. तो जांभळा होता.

४

काका मागच्या खोलीत रेडिओ उघडून बसला होता. पुतणीने तुकडा समोर ठेवल्यावर त्याने रेडिओ बाजूला सारला. मग बोलला, आणि त्या घरात तो एवढं सलग कधीच बोलला नव्हता.

"खळ रंग खाते. दादाच्या दारावर डकवलं मेल्यांनी. म्हटलं, ओल्या फडक्याने हळूच सोडवावं. पण कोपरा उचलला तर रंगच निघून यायला लागला. मग सोडून दिलं. तुकडा टाकवेना, म्हणून खिशात ठेवला."

आणि बँकेत का जात होतास, तिने विचारलं. काकाने मान खाली घातली. माझी खोली घ्या आणि दुकान सोडा, असं सांगायला जात होतो, तो म्हणाला. ते म्हणाले, अशी अर्धी वस्तू घेत नाही.

पाटीवाली त्याच्या पायाशी बसली. दोन दिवस ज्याच्याबद्दल मनात नको नको ते आणलं, तो माणूस तिच्यासाठी स्वतःचं छप्पर देऊ करून आला होता. तिने ते त्याला सांगून टाकलं, काहीही हातचं न राखता. काकाने मान हलवली. या वेळी ती उभी होती.

टाचणीबाई दाराशी उभी राहून खिडकीबाहेर बघत होती. जरा वेळ जाऊ देऊन तिने विचारलं, "तो जांभळा कशाचा, पोरी?"

जांभळा दातांच्या डॉक्टरीणबाईंचा. सगळ्या दवाखान्यांच्या पाट्या निळ्या-पांढऱ्या, म्हणून त्यांना वेगळा रंग हवा होता. डब्यात तसा रंग मिळेना, तेव्हा पाटीवालीने लाल आणि निळा मिसळून, त्यात चमचाभर काळा घालून तो घरीच बनवला. तीन वेळा बिघडला. शेवटी जमला तो १९ मार्चच्या संध्याकाळी, कारण वीस तारखेला दवाखान्याचं उद्घाटन होतं. त्याआधी तिने जन्मात जांभळी पाटी केली नव्हती, आणि वडिलांनीही नाही. त्यांना तो रंग मुळी आवडत नसे.

"मग आता बँकेचा तो फोटो बाहेर काढ," टाचणीबाई म्हणाली.

फोटोला अजून आडवी टाचणी होती. त्यात दार होतं, रेघा होत्या, तिरकी नोटीस होती. नोटिशीच्या डाव्या कडेबाहेर दोन बोटं लांबीचा जांभळा रंग स्पष्ट दिसत होता.

"मी सोमवारी हा बघितला तेव्हा एवढंच खटकलं होतं, की नोटीस रंगांवर लावली आहे. रंगांना तारखा असतात, हे मला तू सांगितलंस. चार तारखेच्या फोटोत एकोणीस तारखेचा रंग कसा येईल?"

आई म्हणाली, मग झालं की, जिंकलो आपण. टाचणीबाईने आडवी मान हलवली. बँकेचे वकील म्हणतील, रंग काय, आधीचाही असेल. डॉक्टरीणबाईंचं लेखी मी आणते. पण हा फोटो ज्याने काढला, त्याने स्वतः सांगितलं तर कुणाला तोंड उघडायला जागा राहणार नाही.

"तो कशाला सांगेल?" पाटीवाली म्हणाली.

टाचणीबाईने तो कडक झालेला ब्रश वर्तमानपत्रात गुंडाळला आणि पिशवीत टाकला.

५

बँकेसाठी नोटिसा डकवणारा माणूस बुधवारी बँकेच्या मागच्या जिन्यात सापडला. पन्नाशीचा, पाठीत वाकलेला, बोटांच्या पेरांना खळ चिकटलेली. नोटिशीमागे ठरलेले पैसे मिळायचे, नोकरी अशी नव्हती. टाचणीबाईने चार तारखेबद्दल विचारलं तेव्हा त्याने पाठ केल्यासारखं उत्तर दिलं. गेलो, डकवली, फोटो काढला, साक्षीदाराची सही घेतली.

"कशाने डकवली?"

"ब्रशाने. आणखी कशाने?"

टाचणीबाईने वर्तमानपत्र उलगडून ब्रश पायरीवर ठेवला. तो माणूस त्याच्याकडे बघत राहिला. मग शेजारी उभ्या असलेल्या पाटीवालीकडे बघितलं आणि खाली बसला.

"तुमच्या आईंनी पाणी दिलं," तो म्हणाला. "मी नोटीस पिशवीतून काढणार, तेवढ्यात त्या म्हणाल्या, उन्हातून आलायत, आधी बसा. तुम्ही आत अक्षरं काढत होता. वडिलांचा फोटो भिंतीला होता. मला काही सुचेना. पाटीचा भाव विचारला आणि उठून आलो. म्हटलं, उद्या लावू. उद्याचा परवा झाला. अशा घरी परत जायला पाय उचलत नाही."

मार्चअखेर आली तशी वसुलीच्या साहेबांनी यादी मागितली, तो पुढे म्हणाला. मी सांगितलं, एक राहिलीय. ते म्हणाले, आज लाव आणि तारीख यादीतली घाल. मी घातली. मला वाटलं, तारखेने काय बिघडतंय? लागली ती नोटीसच ना. तिच्या पंचेचाळीस दिवसांचं मला काय माहीत? मी तर तुम्हाला बावीस दिवस जास्त दिले, असंच मनात धरून बसलो होतो.

पाटीवालीला त्याचा राग यायला हवा होता. तिने तो मनात शोधूनही पाहिला. सापडला नाही. या माणसाने तिला दया दाखवली होती, आणि मग एका खोट्या आकड्याने ती सगळी परत घेतली होती. त्याला बिचाऱ्याला पत्ताही नव्हता.

"शुक्रवारी हे सांगाल?" टाचणीबाईने विचारलं.

"सांगितलं तर हे काम जाईल."

हो म्हणा, असं सांगायचा अधिकार आपल्याला नाही, हे दोघींनाही कळत होतं. त्याने ब्रश उचलला, केस वाकवून पाहिले, ते मोडले. मग तो तसाच पायरीवर ठेवून जिना चढून वर गेला.

६

शुक्रवारी न्यायाधिकरणाचा हॉल भरलेला होता. वसुली अधिकारी पहिल्या रांगेत, इस्त्रीचा शर्ट, हातात जाड फाइल. काका जन्मात पहिल्यांदा कोर्टात आला होता आणि जोडे बाहेर काढावेत की नाही या विचारात दाराशी घुटमळत होता.

वकीलसाहेबांनी फोटो पुढे केला, तुकडा पुढे केला, डॉक्टरीणबाईंचं पत्र पुढे केलं. न्यायाधीशबाईंनी तुकड्याची मागची बाजू भिंगाखाली धरली. बँकेचे वकील उठले आणि अगदी ठरल्याप्रमाणे म्हणाले, की रंगावरून तारीख ठरत नसते. जांभळा आधीचाही असू शकेल.

"मी बोलू का?" मागून आवाज आला.

तो उभा होता. पाठ वाकलेली, हात मागे बांधलेले. वसुली अधिकाऱ्यांनी वळून पाहिलं आणि हातातली फाइल मिटली. न्यायाधीशबाईंनी त्याला पुढे बोलावलं, शपथ दिली. त्याने जिन्यातलं सगळं जसंच्या तसं सांगितलं, साहेबांच्या यादीसकट. मध्ये एकदाच थांबला, पाणी मागायला.

निकाल त्याच दुपारी लागला. नोटीस २६ मार्चची धरली, अर्ज वेळेत आहे, लिलाव थांबवावा, आणि जुन्या साहेबांच्या पत्राप्रमाणे बँकेने मुदतीचा नव्याने विचार करावा. वसुली अधिकाऱ्यांनी तारखेचा लेखी खुलासा करायचा होता. कर्ज काही माफ झालं नाही. ते फेडायचंच होतं, आणि पाटीवालीला ते फेडायचंही होतं. तिला फक्त आपलं म्हणणं कुणीतरी वाचायला हवं होतं.

व्हरांड्यात ती टाचणीबाईच्या पाया पडायला वाकली तेव्हा टाचणीबाई चटकन मागे सरली. टाचण्या लागतील, म्हणाली. मग फोटोची आडवी टाचणी काढली आणि बाहीला परत लावली.

दारावरची नोटीस न्यायाधिकरणाच्या माणसाने येऊन काढली आणि फाइलला लावायला नेली. तिच्याबरोबर वरच्या तीन-चार रेघांचा रंगही गेला. कवाडावर कागदाएवढी कोरी जागा उरली. आईने विचारलं, भरून काढायची का? काका आडवी मान हलवून म्हणाला, राहू दे.

बँकेने दीड महिन्याने हप्ते बांधून दिले. त्यानंतरच्या आठवड्यात एका दुपारी दारात पन्नाशीचा, पाठीत वाकलेला माणूस उभा राहिला. नोटिसांचं काम गेलं होतं. आता घरांच्या भिंतींना शोभेचा कागद लावून द्यायचं काम सुरू केलं होतं. खळ तीच, कागद वेगळा.

"पाटीचा भाव विचारायला आलोय," तो म्हणाला. "या वेळी खरोखर."

आईने त्याला पाणी दिलं. पाटीवालीने भाव सांगितला नाही. तिने तिसऱ्या दिवशी पाटी पुरी केली, ठसठशीत अक्षरांची, आणि रंग कोणता हवा हे त्याला विचारलंही नाही. ब्रश धुवायला निघाली तेव्हा काका दारापाशीच उभा होता. त्याने डावं कवाड हाताने धरून ठेवलं, हलू नये म्हणून. तिने त्या कोऱ्या जागेच्या अगदी तळाशी, बाबांच्या रेघांच्या बरोबर वर, एक जांभळी रेघ ओढली.

मग बरणीत एक नवा रुंद ब्रश होता, तो काढून तिने त्या माणसाच्या हातात दिला. आणि म्हणाली, "हा विसरू नका."